आरोपीला मिळालेला जामीन रद्द कसा करून घ्यायचा

आरोपी जामिनावर सुटून गल्लीत फिरायला लागला की फिर्यादीच्या घरच्यांची झोप उडते आणि मग वकिलाला पहिला प्रश्न हाच, जामीन रद्द करता येईल का? येतो. पण गुन्हा भयंकर आहे, आम्हाला राग आहे, एवढ्यावर होत नाही.

सगळ्यात आधी जामिनाच्या ऑर्डरची नक्कल काढा, कोणी तोंडी काय सांगितलं त्यावर जाऊ नका. ती नीट वाचून ठरवा की तुमची तक्रार ऑर्डरबद्दल आहे की सुटल्यानंतरच्या वागण्याबद्दल, कारण हे दोन वेगळे रस्ते आहेत आणि अर्जात दोन्हीची खिचडी केली की अर्ज तिथेच लंगडा पडतो.

ऑर्डरच चुकीची असेल, म्हणजे कोर्टाने गुन्ह्याचं गांभीर्य, आधीचे गुन्हे, समोर असलेला पुरावा बघितलाच नाही, कारणं दिली नाहीत किंवा आरोपीने महत्त्वाची माहिती लपवली, तर वरच्या कोर्टात जायचं. ज्या कोर्टाने जामीन दिला त्यालाच पुन्हा विचार करा म्हणता येत नाही. इथे आरोपीने सुटल्यावर काही केलेलं असायचीही गरज नाही. शेतकऱ्यांवर गाडी घातल्याचा आरोप असलेल्या लखीमपूर खेरी केसमध्ये एप्रिल २०२२ ला सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचा जामीन रद्द केला, त्यात पीडितांचं म्हणणं नीट ऐकलं नाही हे एक मोठं कारण होतं, म्हणून फिर्यादींनो, आम्हाला कोण विचारतंय असं समजून घरी बसू नका.

दुसरा रस्ता वागण्याचा. साक्षीदारांना धमकावणं, पुराव्यात ढवळाढवळ, फरार होणं, पुन्हा तसाच गुन्हा, अटी मोडणं. दौलतराम केसपासून सुप्रीम कोर्ट सांगत आलंय की दिलेला जामीन काढून घ्यायला खूप ठोस कारण लागतं, त्यामुळे आरोपी एखादी तारीख चुकला तर बहुतेक वेळा वॉरंट निघतं, तेवढ्यावर जामीन जाईल असं धरून चालू नका. मध्य प्रदेशातल्या एका बलात्काराच्या केसमध्ये मात्र आरोपी सुटल्यावर 'भैया इज बॅक'चे पोस्टर लागले आणि २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने जामीन रद्द करताना त्याचीही दखल घेतली.

कलमं सांगायची तर १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ४८३(३) सेशन आणि हायकोर्टासाठी, मॅजिस्ट्रेटने दिलेला जामीन सुटल्यानंतरच्या वागण्यावरून तेच कोर्ट ४८०(५) खाली काढून घेऊ शकतं. जुन्या कायद्यात, म्हणजे फौजदारी प्रक्रिया संहितेत (CrPC), हीच ४३९(२) आणि ४३७(५) होती. अर्ज सरकारी वकिलामार्फत होतो, पण फिर्यादी स्वतःचा वकील लावूनही करू शकतो.

आता खरी मेहनत, पुरावा. "आरोपी धमक्या देतोय" असं मोघम लिहू नका, कोणत्या तारखेला, किती वाजता, कुठे, कोणासमोर, नेमके कोणते शब्द, हे लिहा आणि जामिनाच्या ऑर्डरमधली कोणती अट मोडली तिचा नंबर टाका. धमकी आली त्याच दिवशी पोलिस स्टेशनला लेखी तक्रार द्या, पोच घ्या, कारण मार्चमधल्या धमकीचा अर्ज ऑक्टोबरमध्ये आला तर इतके दिवस काय करत होतात हा प्रश्न येणारच. व्हॉट्सॲप मेसेज किंवा रेकॉर्डिंग असेल तर मूळ फोनमधून डिलीट करू नका, फॉरवर्ड केलेल्या स्क्रीनशॉटवर भागत नाही, सोबत नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या ६३ कलमाचं, इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठीचं सर्टिफिकेट जोडावं लागतं. हजेरीची अट मोडली असेल तर पोलिस स्टेशनच्या हजेरीची नोंद मागवा, तारखा चुकवल्या असतील तर रोजनाम्याच्या, म्हणजे कोर्टाच्या तारीखवार नोंदींच्या, नकला.

चार्जशीट वेळेत न आल्यामुळे जामीन मिळाला असेल तर नंतर चार्जशीट आली म्हणून तो आपोआप जात नाही, पण त्यातून गंभीर अजामीनपात्र गुन्ह्याचा भक्कम पुरावा दिसत असेल तर रद्द होऊ शकतो, असं जानेवारी २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय.

अर्ज केल्यावर आरोपीला नोटीस जाते, तो उत्तर देतो, मग सुनावणी, यात वेळ जातो आणि तोपर्यंत साक्षीदार घाबरलेला असतो. त्याच्यासाठी साक्षीदार संरक्षण योजनेखाली वेगळा अर्ज लगेच द्या, जामिनाच्या निकालाची वाट बघत बसू नका.