जुन्या कॉम्प्युटरवर विंडोज ११: आधी हे तपासा

१४ ऑक्टोबर २०२५ला मायक्रोसॉफ्टने विंडोज १०चा सपोर्ट थांबवला, आणि इंदूरमध्ये रामबाग-लोकमान्यनगरातल्या ओळखीच्या घरांतून एकच विचारणा सुरू झाली: मशीन धडधाकट आहे, पण विंडोज ११ घेत नाही, मग नवीन घ्यायचं का?

लगेच सिल्व्हर मॉलचा कॉम्प्युटर बाजार गाठू नका. विंडोज ११ला टीपीएम २.० ही सुरक्षेची चिप लागते, आणि पुष्कळदा ती मशीनमध्ये असते, नुसती बंद असते. बायोसमध्ये, म्हणजे मशीन चालू होताना उघडता येणाऱ्या सेटिंगमध्ये, इंटेल प्रोसेसरवर ती पीटीटी आणि एएमडीवर एफटीपीएम या नावाने सापडते. प्रोसेसर इंटेलच्या आठव्या पिढीचा किंवा नंतरचा असेल, तर ती चालू केल्यावर बहुतेक वेळा काम तिथेच होतं.

प्रोसेसर त्याहून जुना असेल तर रूफस वापरा; विंडोज टाकण्याचा पेनड्राइव्ह तयार करणारं हे छोटं सॉफ्टवेअर आहे. विंडोज ११ची आयएसओ (इन्स्टॉलची) फाइल मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून घ्या. कोणी दिलेली ‘तयार’ फाइल अजिबात नको. १६ जीबीचा पेनड्राइव्ह लावा, रूफसमध्ये स्टार्ट दाबल्यावर टीपीएम, सिक्युअर बूट (मशीन सुरू होतानाची सुरक्षा तपासणी) आणि रॅमची अट काढण्याच्या पर्यायावर टिक करा आणि मशीन पेनड्राइव्हवरूनच सुरू (बूट) करा. त्याआधी फोटो, कागदपत्रं, टॅलीचा डेटा बाहेरच्या डिस्कवर हवाच.

कोअर २ ड्युओ हा इंटेलचा फार जुना प्रोसेसर असलेल्यांनी मात्र या वाटेला जाऊ नये. २४एच२ आवृत्तीपासून त्या मशीनवर विंडोज ११ सुरूच होत नाही. तिथे विंडोजऐवजी लिनक्स मिंट ही मोफत ऑपरेटिंग सिस्टिम उत्तम.

रूफसने अटी काढून विंडोज ११ टाकलेल्या मशीनला अपडेट मिळतीलच, ही हमी मायक्रोसॉफ्ट देत नाही, आणि वर्षाकाठी येणारी मोठी आवृत्ती सहसा हातानेच चढवावी लागते. म्हणून दुकानाचा जीएसटी आणि बँकेचे व्यवहार ज्यावर चालतात, त्या कॉम्प्युटरवर हे करू नका.