ग्रेगरी पेक कसा पाहावा: एका प्रॉम्प्टरची पद्धत

गोव्यात आमच्या फोंड्याकडे नाटक झालं नाही तर जत्रा झाल्यासारखी वाटत नाही. अशा नाटकांच्या विंगेत हातात संहिता आणि छोटी बॅटरी घेऊन मी तीस वर्षं बसतोय. नट विसरलाय की मुद्दाम थांबलाय, एवढं प्रॉम्प्टरला ओळखता आलं पाहिजे. एकदा मला ते ओळखता आलं नाही. वकिलाचं काम करणारा आमचा नट आरोपीकडे बघत गप्प उभा राहिला आणि मी घाईने पुढचं वाक्य दिलं. वर टांगलेल्या माइकने ते उचललं आणि अख्खा मांडव हसला. आठ दिवस तो माझ्याशी बोलला नाही. त्याच पावसाळ्यात भाच्याने टीव्हीवर हॉलिवूडचा नट ग्रेगरी पेक लावून दिला, आणि मुद्दाम थांबणं कसं असतं ते मला दिसलं.

तालमी चवथीनंतर. त्याआधीच्या पावसात हे करा. आठवड्याला एकच चित्रपट पाहा, जास्त नको.

गोंयकाराने सुरुवात 'द सी वुल्व्हज' (1980) पासून करावी. 9 मार्च 1943 ला मुरगाव बंदरात काय झालं त्याची ही गोष्ट. पोर्तुगीज तटस्थ, म्हणून जर्मनांची 'एरेनफेल्स' आणि आणखी तीन जहाजं इथे आसऱ्याला थांबलेली. कलकत्त्याहून आलेल्या, वयाने उताराला लागलेल्या हौशी शिपायांनी ती उडवायचा बेत केला. चित्रपटाचं चित्रीकरण गोव्यात झालं, त्यामुळे पहिल्यांदा सगळं लक्ष जागा ओळखण्यातच जातं. जाऊ द्या. पेक तेव्हा साठीपार, आणि इंग्रज कर्नल म्हणून मला तो फारसा पटत नाही. पण रॉजर मूर आणि डेव्हिड निव्हन बोलत असतात तेव्हा हा कसा ऐकतो ते बघा. दुसऱ्याचं वाक्य चालू असताना आमचे नट प्रेक्षकांत आपले नातेवाईक शोधत असतात.

मग मागे जा. माणूस 1916 चा, कॅलिफोर्नियातल्या ला होया गावचा. आईवडील लहानपणीच वेगळे झाले, तो आजीकडे वाढला, आणि ही आजी त्याला दर आठवड्याला सिनेमाला न्यायची. पहिला चित्रपट 1944 चा. त्यानंतर सहा वर्षांत ऑस्करची चार नामांकनं, पण बक्षीस एकही नाही. हे चारही चित्रपट पाहायलाच हवेत असं नाही.

'रोमन हॉलिडे' (1953) मात्र पाहाच. खोटारड्याचा हात चावतं म्हणतात त्या रोममधल्या दगडी तोंडात हात घालायच्या प्रसंगात पेकने हात बाहीत लपवला आणि ऑड्री हेपबर्न खरंच किंचाळली, हा किस्सा सगळ्यांना माहीत असतो. माझं म्हणणं, शेवट बघा. राजकन्येला भेटून सगळे पत्रकार निघून गेलेत, त्यांच्यातलाच हा एकटा त्या लांबलचक दालनातून हात खिशात घालून चालत येतो. शब्द एकही नाही, फक्त बुटांचा आवाज. आपल्या रंगमंचावर असा शेवट केला तर पडदेवाला मध्येच पडदा पाडेल.

'टू किल अ मॉकिंगबर्ड' (1962) दोनदा पाहा. याच चित्रपटाने त्याला ऑस्कर दिलं. पहिल्यांदा नेहमीसारखा पाहा, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. कोर्टात आरोपीचा वकील झालेला पेक आरोपीकडे पेला फेकतो आणि आरोपी उजव्या हाताने झेलतो. मग डाव्या हाताने झेलायला सांगितल्यावर तो जमत नाही म्हणतो, कारण तो हात निकामी आहे. पुढे आरोप करणाऱ्या मुलीचा बाप युएल पेकच्या तोंडावर थुंकतो. तिथे थांबा, परत लावा. पेक एक पाऊल पुढे येतो. आपल्याला वाटतं, आता हाणतो. तो रुमाल काढतो, तोंड पुसतो, गाडीत बसतो. या प्रसंगी मनात आकडे मोजा. कुठल्या आकड्याला तुम्ही स्वतः वाक्य टाकलं असतंत, ते वहीत लिहा.

वाईट कामही बघायला हवं, नाहीतर चांगलं कशामुळे चांगलं ते कळत नाही. 'मोबी डिक' (1956) मध्ये तो वेडापिसा कप्तान झालाय. डोळे वटारलेत, दाढी जोरात आहे, पण त्याचं थांबणं हरवलंय. आवाज चढवायला लागला की हा नट सामान्य होतो, हे माझं मत. भाच्याला तो तिथेच आवडतो.

जाता जाता, त्याचा सगळ्यात मोठा पॉज पडद्याबाहेरचा. 1968 मध्ये तो ऑस्कर देणाऱ्या अकादमीचा अध्यक्ष होता. मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली, आणि सोहळा दोन दिवस पुढे गेला.

आता तुमची नक्कल, म्हणजे संहितेची प्रत, उघडा. ज्या वाक्याआधी थांबायचं, तिथे पेन्सिलने आडवी रेघ मारा. एका प्रवेशात दोनपेक्षा जास्त रेघा नकोत, नाहीतर खरोखर विसरल्यासारखं दिसतं. आणि रेघा कुठे आहेत ते प्रॉम्प्टरला तालमीतच दाखवा. विंगेतून त्याला तुमचा चेहरा दिसत नाही, फक्त पाठ दिसते.