एकत्रीकरणाचा निकाल विरोधात गेला तर हायकोर्टात कसे जावे

वडोदऱ्यातल्या कितीतरी मराठी घरांची पादरा, डभोई, करजण या बाजूला वडिलोपार्जित शेती आहे. सातबारा काढला की जुन्या सर्व्हे नंबराच्या जागी ब्लॉक नंबर दिसतो आणि क्षेत्र आजोबांच्या वहीपेक्षा चार गुंठे कमी भरते. १९४७ च्या तुकडेबंदी व एकत्रीकरण कायद्याखाली गावाची योजना झाली, तुकडे जोडून ब्लॉक पडले आणि काहींची वहिवाट एकीकडे, कागद दुसरीकडे असे होऊन बसले. दुरुस्तीचा अर्ज फेटाळला गेला असेल, किंवा शेजाऱ्याच्या अर्जावरून तुम्हाला न विचारता ब्लॉक बदलला असेल, तर पुढचा रस्ता असा.

एक गोष्ट आधीच मनात पक्की करा: हायकोर्ट शेत मोजत नाही. अधिकाऱ्याला तो हुकूम करायचा अधिकार होता का, त्याने तुमचे ऐकून घेतले का, कारणे लिहिली का, हे ते बघते. तेव्हा ‘जमीन आमचीच’ यावर दहा पाने लिहू नका. हुकुमातला दोष एका पानात दाखवा.

पहिले काम नकलांचे. हुकुमाची प्रमाणित नक्कल लगेच मागा आणि ती कधी मागितली, कधी मिळाली, या तारखा जपा. जमीन दफ्तर कचेरीतून योजनेतला आपल्या खात्याचा उतारा आणि नकाशा घ्या. मामलतदार कचेरीतल्या ई-धरा केंद्रातून (संगणकावरच्या जमीन नोंदींचे केंद्र) सातबारा, आठ-अ आणि हक्कपत्रकाच्या जुन्या नोंदी काढा. खालच्या अधिकाऱ्यापुढे जे कागद दाखल केले नाहीत ते हायकोर्टात पहिल्यांदा दाखवणे फार जड जाते.

मग हुकूम कोणत्या कलमाखाली आहे ते वाचा. अमलात आलेल्या योजनेतली चूक कलम ३२ खाली सुधारता येते, पण त्यासाठी योजनेतल्या बदलाचा मसुदा प्रसिद्ध करून हरकतींना एक महिना द्यावा लागतो. हे टाळले असेल तर तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा हाच. कलम ३५ खाली सरकारकडे फेरतपासणी मागता येते. ती अहमदाबादला महसूल विभागाचे विशेष सचिव (अपील) ऐकतात. ही पायरी गाळली तर हायकोर्ट बहुधा परत पाठवते. सुनावणीच दिली नसेल किंवा अधिकारच नसेल, तर गोष्ट वेगळी. दिवाणी कोर्टात मात्र वर्षे घालवू नका, कारण या कायद्याखालच्या अधिकाऱ्यांनी ठरवायच्या बाबतीत कलम ३६-अ ते दार बंद करते.

वेळेचा मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. कलम ३५ मध्ये ‘केव्हाही’ असा शब्द आहे, तरी कोर्टे त्याचा अर्थ वाजवी मुदतीत असाच लावतात. मुदत न सांगितलेला फेरतपासणीचा अधिकारही वाजवी वेळेतच वापरावा लागतो, हे सुप्रीम कोर्टाने १९६९ साली गुजरातच्याच पाटील राघव नाथा खटल्यात सांगितले. तीस वर्षांनी तुमचा ब्लॉक कोणी बदलायला निघाला तर हा निकाल तुमची ढाल. तुम्हीच तीस वर्षांनी जागे झालात तर तोच तुमच्यावर उलटतो. म्हणून उशिराचे खरे कारण तारखांसह लिहा.

आता अर्ज. गुजरात हायकोर्टात त्याला स्पेशल सिव्हिल ॲप्लिकेशन म्हणतात आणि तो घटनेच्या अनुच्छेद २२६ (हायकोर्टाचा रिटचा अधिकार) व २२७ (खालच्या कोर्टांवर व न्यायाधिकरणांवर देखरेख) खाली करतात. कोणते अनुच्छेद ते वकिलाला नीट विचारा, कारण एका न्यायाधीशाचा निकाल फक्त २२७ खालचा असेल तर त्याच हायकोर्टाच्या खंडपीठाकडे अपील (लेटर्स पेटंट अपील) चालत नाही. ब्लॉक बदलला तर ज्यांची जमीन हलेल त्या सगळ्या शेजाऱ्यांना पक्षकार करा. गुजराती कागदांचे इंग्रजी भाषांतर लागते, त्याचा वेळ आणि खर्च आधीच धरा. फेरफार नोंद पडण्याआधी ‘जैसे थे’ची मागणी अर्जातच घाला. हुकुमात नसलेली कारणे सरकारने नंतर प्रतिज्ञापत्रात मांडली, तर सुप्रीम कोर्टाचा १९७७ चा मोहिंदर सिंग गिल निकाल पुढे करा: हुकूम त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकला पाहिजे.

स्त्रिया, अनुसूचित जाती आणि जमातीच्या अर्जदारांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे जरूर चौकशी करा.

जिंकलात तरी बहुतेक वेळा हुकूम रद्द होऊन प्रकरण त्याच अधिकाऱ्याकडे फेरसुनावणीला जाते. त्या तारखेला मोजणीचा नकाशा आणि वहिवाट सांगणारे शेजारी बरोबर घेऊनच जा.