गवत कापायच्या मशीनला कोणतं ऑइल?

दुकानात जाण्याआधी मशीन नीट बघा. ऑइल भरायचं वेगळं झाकण आणि त्याला डिपस्टिक (पातळी दाखवणारी कांडी) असेल, तर इंजिन फोर-स्ट्रोक. नुसती पेट्रोलची टाकी असेल, तर टू-स्ट्रोक. खांद्यावरचे बरेच ब्रश कटर असेच असतात.

टू-स्ट्रोकला २टी (टू-स्ट्रोकसाठीचं) ऑइल पेट्रोलमध्येच मिसळायचं. प्रमाण मशीनच्या पुस्तिकेत असतं: ५०:१ म्हणजे लिटरला २० मिली, २५:१ म्हणजे ४० मिली. अंदाजाने ओतू नका, मापाची बाटली वापरा. कमी पडलं तर पिस्टन जॅम होतो, जास्त झालं तर स्पार्क प्लग काळा पडतो. मिश्रण महिनाभरात संपवा.

फोर-स्ट्रोकला डब्यावर एपीआय (ऑइलच्या दर्जाची खूण) एसजे किंवा त्यापुढचा दर्जा बघा. ग्रेड, म्हणजे ऑइलचा घट्टपणा, हवामानावर ठरते. १०डब्ल्यू-३० बहुतेक ठिकाणी चालतं. पण ही इंजिनं हवेवर थंड होतात, त्यामुळे विदर्भातल्या उन्हाळ्यात ते लवकर कमी होऊ शकतं. तिथे पुस्तिकेत परवानगी असेल तर एसएई ३० घ्या. थंडीच्या सकाळी मात्र एसएई ३० घट्ट होतं आणि दोरी ओढून हात दुखतात. बाइकचं उरलेलं २०डब्ल्यू-५० घालायचा मोह होतोच. ते याहून घट्ट, टाळलेलंच बरं.

किती घालायचं, ते इंजिनवर. होंडा जीएक्स३५ला जेमतेम १०० मिली लागतं, जीएक्सव्ही१६०ला साधारण ६५० मिली. अख्खा लिटर ओतणं ही नेहमीची चूक: ऑइल ब्रीदरमधून (इंजिनातली हवा बाहेर सोडणाऱ्या नळीतून) एअर फिल्टरमध्ये जातं आणि पांढरा धूर सुटतो. कमी असेल तर त्याहून वाईट. बऱ्याच लहान इंजिनांत पंप नसतो, ऑइल उडवूनच आतले भाग भिजतात. पातळी उतरली की कनेक्टिंग रॉडच तुटू शकतो. म्हणून दर वेळी सपाट जागेवर, इंजिन बंद ठेवून पातळी बघा. होंडाच्या जीएक्स१६०सारख्या इंजिनात तपासताना डिपस्टिक आट्यांत फिरवायची नाही, नुसती टेकवायची.

बहुतेकांना ऑइल फिल्टर नसतो, घाण तेलातच फिरते. नव्या जीएक्स१६०चं पहिलं ऑइल २० तासांनी बदला, मग दर १०० तासांनी किंवा सहा महिन्यांनी. धुळीत त्याआधीच. इंजिन कोमट असताना काढलं की गाळही निघतो.

पातं साफ करायला मशीन कलती करताना एअर फिल्टर वरच्या बाजूला ठेवा. ऑइल सिलिंडरमध्ये शिरलंच, तर दोरी जोर लावून ओढू नका: प्लग काढा, भोकावर फडकं धरा आणि चार-पाच वेळा हळू ओढा.