जकूझी म्हणजे नुसता टब नव्हे

कोकणात खोली बुक करताना ‘जकूझी आहे’ असं सांगतात आणि निघतो साधा बाथटब. गुहागरला आमचं तसंच झालं. टबाच्या कडा चाचपून पाहिल्या, पाण्याचे जोरदार फवारे सोडणारं एकही भोक नाही!

जकूझी हे मूळ अमेरिकेत गेलेल्या इटालियन कुटुंबाचं आडनाव. त्यांनी १९६८ मध्ये जेटवाला, म्हणजे असे फवारे सोडणारा टब आणला, म्हणून ते नाव पडलं. जेट नाहीत तर जकूझी नाही.

ॲडव्हान्स भरण्याआधी फोनवर विचारा:

१. टबात पाण्याचे जेट आहेत का?
२. मोटर चालू असतानाचा व्हिडिओ पाठवाल का? हे नक्की मागा, फोटोत सगळे टब सारखेच दिसतात.
३. टब भरेल एवढं गरम पाणी मिळतं का?

गरोदर बाई किंवा हृदयरोगी सोबत असतील तर आधी डॉक्टरांना विचारा.