वावरातून फाइट मास्टरकीकडे: आधी पडणं शिका, मग कॅमेरा

विदर्भात गावाकडच्या ज्या पोरांना सिनेमाच्या स्टंटमध्ये यायचं असतं, त्यांच्या मोबाइलमध्ये बहुतेक किकचेच व्हिडिओ सापडतात. फाइट मास्टर मात्र आधी पडून दाखवायला सांगतो. उंच किक मारणारे पुष्कळ मिळतात. टेकमागून टेक एकसारखं, न दुखावता पडणारा मिळणं अवघड, आणि सुरुवातीचं काम त्यालाच मिळतं.

पडण्याचा सराव उकिडवं बसून सुरू करा. हनुवटी छातीला लावायची, श्वास सोडत मागे जायचं, दोन्ही हात अंगापासून साधारण ४५ अंशांवर ठेवून तळवे जमिनीवर आपटायचे. पडताना मागे हात टेकवायची सवय सगळ्यात आधी मोडा. सगळं वजन एका तळव्यावर येतं आणि मनगट किंवा गळपट्टीचं हाड जातं. कोलांटी एका खांद्यापासून विरुद्ध बाजूच्या कमरेपर्यंत तिरपी घ्यायची, कण्यावरून सरळ कधीच नाही. हे अंगवळणी पडलं की गुडघे वाकवून, आणि मगच उभ्यानं.

जागा नीट निवडा. काळ्या मातीच्या वावराला उन्हाळ्यात भेगा पडतात, त्यात घोटा अडकतो; पऱ्हाटी काढलेल्या शेतात खुंट राहतात. आखाड्याची खोदून, चाळून भुसभुशीत केलेली माती सगळ्यात चांगली. कुटाराचा (भुशाचा) ढीग मऊ दिसतो, पण अंग आत किती जाईल याचा नेम नाही आणि खाली विळा किंवा काठी दडलेली असू शकते. मे महिन्यात पारा ४५ च्या घरात जातो, तेव्हा सराव सकाळी ५ ते ७ मध्येच उरका.

खोक्यांवर पडायचं असेल तर रिकामे, कोपरे शाबूत असलेले, एकाच मापाचे खोके घ्या. ते चिकटपट्टीनं हवाबंद करू नका. खोका चेपला तरच धक्का शोषला जातो. हवा अडकली तर तो तुम्हाला उलट फेकतो. सगळे खोके बाहेरून दोरीनं एकत्र बांधा, वर गादी टाका. पावसाळ्यात पुठ्ठा ओलसर होऊन लगेच बसतो, तेव्हा हा प्रयोग नकोच. कंबरेपेक्षा उंच उडी जाणकार माणूस समोर असल्याशिवाय घेऊ नका.

शिकायला लांब जावं लागत नाही. अमरावतीचं श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ पासून चालू आहे. तिथल्या मल्लखांबानं पकड आणि हवेतलं भान येतं, ते शूटिंगमध्ये वायरवर लटकताना फार कामी येतं. पूर्व विदर्भातल्यांना झाडीपट्टी रंगभूमी, म्हणजे तिकडची गावोगावची नाटकं आहेत. गडचिरोली जिल्ह्यातलं वडसा तिचं केंद्र, आणि दिवाळीनंतर धानाची कामं आटोपली की हंगाम सुरू होतो. तिथल्या मारामारीत शेवटच्या रांगेला दिसेल असा मार खावा लागतो. कॅमेऱ्यासमोर तोच आविर्भाव निम्म्यावर आणायचा असतो, हे मात्र लक्षात ठेवा.

आता ठोसा. मुठीनं चेहऱ्यापासून सहा-आठ इंच लांबून आडवं जायचं. कॅमेरा मार खाणाऱ्याच्या किंवा मारणाऱ्याच्या खांद्यामागून, म्हणजे ते अंतर भिंगाच्या रेषेत लपतं. बाजूनं घेतलं की लगेच उघडं पडतं. मान मुठीच्या दिशेनंच वळली पाहिजे. नवखे हमखास आधीच मान वळवतात आणि टेक वाया जातो. त्यावर उपाय म्हणजे अर्ध्या वेगानं तालीम आणि प्रत्येक ठोशाआधी नजरेला नजर.

दिग्दर्शनाची तयारी इथूनच होते. मोबाइलवर वीस सेकंदांची मारामारी चार कोनांतून घ्या आणि कापा. विदर्भातल्या दुपारच्या उन्हात मोबाइल शटर फार वेगवान करतो, हात तुटक-तुटक हलल्यासारखे दिसतात. एनडी फिल्टर (भिंगावर बसणारी, उजेड कमी करणारी काच) लावा किंवा सकाळी शूट करा. सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर १/५० सेकंदाच्या जवळ हवं. २२ फ्रेमवर घेऊन २४ वर चालवलं तर वेग सुमारे ९ टक्के वाढतो. त्याहून फार खाली गेलात तर उडणारी धूळ आणि कपडे चुगली करतात. कोन बदलताना आधीच्या हालचालीच्या दोन-तीन फ्रेम पुन्हा दाखवा, नाहीतर डोळ्याला फटका सापडत नाही.

ही वाट खरी आहे. हाँगकाँगचे ल्याउ कार-ल्युंग आणि युएन वू-पिंग मारामाऱ्या बसवता बसवता १९७० च्या दशकात दिग्दर्शक झाले. हॉलिवूडचे दिग्दर्शक चॅड स्टाहेल्स्की आधी स्टंट डबल, म्हणजे नटाऐवजी धोक्याचे शॉट देणारे होते. तिघांनाही कुठला शॉट कुठे कापायचा हे अंगानं ठाऊक होतं.

मुंबईत नियमित कामासाठी स्टंट कलाकारांच्या संघटनेचं कार्ड लागतं. त्याची अट आणि फी थेट कार्यालयात जाऊन विचारा. फोनवर पैसे मागणाऱ्या दलालाला एक रुपयाही देऊ नका. पोहणं, मोटरसायकल आणि घोडेस्वारी येत असेल तर तसं आधीच सांगा. अपघात विमा काढताना भरपाई कशाकशाची मिळत नाही ती कलमं वाचा, कारण बऱ्याच पॉलिसींत धोक्याची कामं वगळलेली असतात. सेटवर पहिल्या दिवशी गुडघ्या-कोपरांची पॅडं स्वतःची न्या, मापाची आणि कपड्याखाली बसतील इतकी पातळ.