कोळीवाडा शूट करायचाय? आधी कालनिर्णय घ्या

कोळीवाड्यावर माहितीपट करायचा म्हटलं की पोरं पहिलं विचारतात, कॅमेरा कुठला घेऊ? मी सांगते, आधी कालनिर्णय घ्या. मुंबईकडच्या मढ, वर्सोवा, उत्तन या पट्ट्यात डोलीची मासेमारी चालते. डोल म्हणजे समुद्रात एका जागी बांधून ठेवलेलं पिशवीसारखं जाळं. पाण्याच्या ओढीने ते फुगतं आणि मासळी आत जाते. पौर्णिमा-अमावास्येच्या उधाणाला ओढ जोरात असते, अष्टमीच्या आसपास भांगाला, म्हणजे छोट्या भरतीला, मंदावते. त्यात भरतीची वेळ रोज साधारण ५० मिनिटांनी पुढे सरकते. आज बोट पहाटे पाचला लागली म्हणून उद्याचा कॉलटाइम पाचचाच ठेवलात, तर रिकाम्या किनाऱ्यावर चहा पीत बसाल. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. तेव्हा जाळी आणि बोटींची डागडुजी शूट करा.

सुरुवातीला कॅमेरा घरीच ठेवा. मच्छीमार सोसायटीच्या मंडळींना भेटा, वलांडीवर, म्हणजे बांबूंना बांधलेल्या दोऱ्यांवर, बोंबील वाळत घालणाऱ्या मावश्यांजवळ बसा. वाटेत मात्र बसू नका. डोक्यावर पाटी असलेल्या बाईला 'जरा बाजूला हो' म्हणायला लावणं हा उपद्रवच.

मग शूट. पहाटे ट्यूबलाइटखाली सेकंदाला २५ फ्रेम्स आणि १/५० शटर ठेवा, नाहीतर चित्र लुकलुकतं. लेन्स ३५ मिमीची, झूम लावून लांबून टेहळणी नको, चार-पाच फुटांवर राहा. दोन बोंबलांची तोंडं एकमेकांत अडकवायची आणि जोडी दोरीवर टाकायची, हे काम मावशी न बघता करते, तोंडाने भावाची घासाघीस चालूच असते. पाटी भरलेली असताना रेकॉर्ड दाबा आणि रिकामी होईपर्यंत थांबवू नका. मधेच एखादं पोर लेन्समध्ये डोकावेल, कावळा जोडी पळवेल, शिव्या पडतील. पडू द्या. 'मावशी, परत एकदा करा ना' म्हणालात की ती कामाचं नाटक करणार, आणि ते पडद्यावर लगेच कळतं.

निवेदन घालू नका. सरकारी माहितीपट काढणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनने १९४८पासून आपल्याला त्या भारदस्त आवाजाची सवय लावली, म्हणून एडिटला बसल्यावर हात शिवशिवतात. बोली न कळणाऱ्यांसाठी सबटायटल पुरे. आवाजाकडे मात्र नीट लक्ष द्या: माइकला केसाळ विंडशील्ड हवंच, आणि प्रत्येक जागी कोणी बोलत नसतानाचा मिनिटभर आवाज वेगळा घ्या, कट जोडताना लागतो.

पदराला लावलेला कॉलर माइक बाई थोड्या वेळात विसरते. मग कोणाचं किती देणं आहे, सुनेशी काय बिनसलं, सगळं तुमच्या हेडफोनमध्ये येतं. ते फिल्ममध्ये ठेवण्याआधी तिला एकटीला बसवून ऐकवा, आणि ती नको म्हणाली तर तिच्यासमोरच काढून टाका.